इंटरनेट मार्गनिर्धारण : इतिहास व अध्ययन

इंटरनेट मार्गनिर्धारण : परस्परांशी जोडलेल्या संगणकजालांतून माहितीचे पॅकेट त्याच्या पत्त्यापर्यंत कोणत्या वाटेने न्यावयाचे, हे ठरविण्याची क्रिया. इंटरनेटवरून जाणारी माहिती, मग ती पत्र असो, चित्र असो वा ध्वनी असो, लहान लहान तुकड्यांत विभागली जाते. प्रत्येक तुकड्यावर प्रेषकाचा व ग्राहकाचा अंकात्मक पत्ता असतो. अशा तुकड्यास पॅकेट म्हणतात. जालांच्या सांध्यावर बसविलेले ‘राऊटर’ हे यंत्र आलेल्या पॅकेटवरील पत्ता वाचते, आपल्या मार्गकोष्टकात त्या पत्त्याशी जास्तीत जास्त अंकांपर्यंत जुळणारी नोंद शोधते आणि त्या नोंदीत दर्शविलेल्या शेजारी राऊटरकडे पॅकेट सोपविते. संपूर्ण वाट कोणताही एक राऊटर आखीत नाही. तो केवळ पुढचा टप्पा ठरवितो. हे मार्गकोष्टक तयार करण्यासाठी व अद्ययावत ठेवण्यासाठी राऊटर परस्परांशी ज्या नियमांनी माहितीची देवघेव करतात, त्या नियमसंहितांस मार्गनिर्धारण प्रोटोकॉल असे म्हणतात.

या रचनेचे वैशिष्ट्य एका परिचित उदाहरणाने स्पष्ट होईल. छत्रपती संभाजीनगर (पूर्वीचे औरंगाबाद) येथे मलिक अंबरने सतराव्या शतकाच्या आरंभी बांधविलेल्या ‘नहर-ए-अंबरी’ या जलव्यवस्थेत पाणी डोंगराच्या बाजूच्या उगमाकडून भूमिगत नळांवाटे, केवळ उताराच्या जोरावर, शहरातील हौदांपर्यंत येत असे. हे जाल एका सत्तेने आखले होते. पाण्याची वाट आधीच ठरलेली होती आणि एखादा नळ फुटल्यास कारागिराने तो दुरुस्त करीपर्यंत पुढचा हौद कोरडा राही. इंटरनेटमध्ये यातील एकही गोष्ट आढळत नाही. सत्तर हजारांहून अधिक स्वतंत्र संस्थांची जाले मिळून ते बनले आहे. त्या सर्वांवर हुकूम चालविणारी मध्यवर्ती कचेरी नाही व सर्व वाटा दाखविणारा नकाशाही कोणापाशी नाही. एक वाट तुटली तर राऊटर मनुष्याच्या मदतीवाचून दुसरी वाट शोधतात. मात्र शेजाऱ्याने सांगितलेला मार्ग खरा आहे असे मानूनच हे सारे चालते. म्हणून मार्गाची अचूकता अखेरीस त्या राऊटरांना आज्ञा देणाऱ्या अभियंत्यांच्या जाणकारीवर अवलंबून असते. मार्गनिर्धारणाचा इतिहास बव्हंशी या परस्परविश्वासाचा व तो मोडल्यानंतर शिकलेल्या धड्यांचा इतिहास आहे.

आरंभ : संदेशाचे तुकडे करून ते वेगवेगळ्या वाटांनी पाठविण्याची कल्पना अमेरिकेत पॉल बॅरन यांनी व ब्रिटनमध्ये डोनाल्ड डेव्हिस यांनी १९६० नंतरच्या दशकात स्वतंत्रपणे मांडली. अमेरिकेच्या संरक्षण खात्याच्या साहाय्याने उभारलेल्या ‘आर्पानेट’ या जालात १९६९ मध्ये ती प्रत्यक्षात आली. त्या वर्षअखेर त्यात केवळ चार केंद्रे होती. आर्पानेटमधील पहिल्या पद्धतीत प्रत्येक केंद्र आपल्याला ठाऊक असलेल्या सर्व ठिकाणांची अंतरे आपल्या निकटच्या शेजाऱ्यांना सारखी कळवीत असे. शेजाऱ्याने सांगितलेल्या अंतरात शेजाऱ्यापर्यंतचे अंतर मिळविले की आपले अंतर निघते, इतके हे गणित साधे होते. रिचर्ड बेलमन व लेस्टर फोर्ड यांनी १९५० नंतरच्या दशकात केलेले गणिती कार्य तिच्या मुळाशी होते. तिला ‘अंतर-सदिश पद्धती’ म्हणतात.

या पद्धतीतील दोष पुढील उदाहरणावरून कळतो. छत्रपती संभाजीनगर, जालना व परभणी येथील तीन राऊटर याच क्रमाने एका रांगेत जोडलेले आहेत, असे समजू. परभणी हे जालन्याहून एक टप्पा व संभाजीनगरहून जालनामार्गे दोन टप्पे दूर आहे. आता जालना-परभणी जोडणी तुटली. जालन्याने ही वार्ता कळविण्यापूर्वीच संभाजीनगरचा नेहमीचा निरोप तेथे पोहोचला की, ‘परभणी माझ्याकडून दोन टप्प्यांवर आहे’. ते दोन टप्पे आपल्यातूनच जातात हे जालन्यास कळण्याचा मार्ग नाही. म्हणून जालना आपल्या कोष्टकात ‘संभाजीनगरमार्गे तीन टप्पे’ अशी नोंद करते. ते ऐकून संभाजीनगर चार टप्पे लिहिते, मग जालना पाच लिहिते आणि आकडा वाढत राहतो. दरम्यान परभणीकडे निघालेली पॅकेटे या दोन राऊटरांमध्ये येरझारा घालीत राहतात. प्रत्येक टप्प्याला एकाने कमी होणारा आयुर्मर्यादेचा आकडा पॅकेटवर नसता, तर ती अखंड फिरत राहिली असती. या दोषास ‘अनंतापर्यंत मोजणे’ असे म्हणतात. १९८८ मध्ये टिपणरूपाने प्रसिद्ध झालेल्या ‘रिप’ या अंतर-सदिश प्रोटोकॉलमध्ये सोळा हाच अनंत मानून यावर तोडगा काढण्यात आला. त्यामुळे पंधरा टप्प्यांहून लांबचे ठिकाण रिपच्या दृष्टीने अप्राप्य ठरते.

नकाशावर आधारलेली पद्धती : वरील अडचणींमुळे आर्पानेटमध्ये १९७९ साली नवी पद्धती सुरू झाली. जॉन मॅकक्विलन, आयरा रिचर व एरिक रोझेन यांनी तिचे वर्णन १९८० मध्ये प्रसिद्ध केले. या पद्धतीत प्रत्येक केंद्र फक्त स्वतःच्या लगतच्या जोडण्यांची स्थिती जाहीर करते. पण ती वार्ता जालातील सर्व केंद्रांपर्यंत पोहोचविली जाते. परिणामी प्रत्येक केंद्रापाशी संपूर्ण जालाचा एकसारखा नकाशा तयार होतो व त्यावरून ते स्वतःच लघुतम मार्ग काढते. लघुतम मार्ग काढण्याची रीत डच शास्त्रज्ञ एड्स्गर डाइक्स्ट्रा यांनी १९५६ मध्ये शोधून १९५९ मध्ये प्रसिद्ध केली होती.

नव्या पद्धतीची परीक्षा लवकरच झाली. २७ ऑक्टोबर १९८० रोजी आर्पानेट काही तास जवळजवळ पूर्णपणे बंद पडले. एका केंद्रातील यंत्रदोषामुळे दुसऱ्या एका केंद्राच्या स्थितिवार्तेच्या तीन वेगवेगळ्या प्रती जालात शिरल्या आणि त्यांचे अनुक्रमांक ८, ४० व ४४ असे झाले. हे क्रमांक घड्याळाच्या तबकडीप्रमाणे ६३ नंतर पुन्हा शून्यापासून सुरू होत असत. त्यामुळे नियमानुसार ८ पेक्षा ४० नवा, ४० पेक्षा ४४ नवा आणि ४४ पेक्षा ८ नवा ठरला. प्रत्येक केंद्र तिन्ही प्रती नव्या समजून पुढे पाठवीत राहिले व त्या पसाऱ्यात बाकीचे काम थांबले. कोणतेही केंद्र नियम मोडत नव्हते; नियमातच उणीव होती. या घटनेचे रोझेन यांनी लिहिलेले विश्लेषण आजही अभ्यासले जाते. रेडिया पर्लमन यांनी अशा दोषांपुढे टिकून राहणाऱ्या वार्ताप्रसाराचा सिद्धांत पुढील काही वर्षांत मांडला. अनुक्रमांक चक्राकार न ठेवणे, वार्तेला वय असणे व तिची बेरीज पडताळणे हे उपाय त्यानंतरच्या प्रोटोकॉलांत आले. जॉन मॉय यांच्या कार्यातून साकारलेला व १९८९ मध्ये प्रथम प्रसिद्ध झालेला ‘ओएसपीएफ’ आणि आंतरराष्ट्रीय मानक संघटनेने स्वीकारलेला ‘आयएस-आयएस’ हे या वर्गातील प्रमुख प्रोटोकॉल होत. ओएसपीएफच्या दुसऱ्या आवृत्तीचे १९९८ मधील टिपण आजही प्रमाण मानले जाते.

संस्थांमधील मार्गनिर्धारण : वर वर्णिलेल्या पद्धती एकाच संस्थेच्या ताब्यातील जालासाठी योग्य आहेत. ज्या राऊटरांवर एका व्यवस्थापनाचा अधिकार चालतो, अशा समूहास ‘स्वायत्त प्रणाली’ म्हणतात व तिला एक क्रमांक दिला जातो. दोन स्वायत्त प्रणालींमध्ये केवळ अंतराचा हिशेब पुरत नाही. कोणाची पॅकेटे आपल्या तारांवरून जाऊ द्यावयाची, कोणाकडून मोबदला घ्यावयाचा व कोणाशी बरोबरीच्या नात्याने विनिमय करावयाचा हे व्यापारी व प्रशासकीय प्रश्न तेथे उद्‌भवतात.

या कामासाठी १९८२ मध्ये वर्णिलेला पहिला प्रोटोकॉल सर्व जाले एका मुख्य कण्याला झाडाच्या फांद्यांप्रमाणे जोडलेली आहेत असे गृहीत धरीत असे. जाले वाढून परस्परांशी आडवी जोडली जाऊ लागताच ते गृहीत टिकेना. जानेवारी १९८९ मध्ये टेक्सस राज्यातील ऑस्टिन येथे भरलेल्या अभियंत्यांच्या बैठकीच्या वेळी कर्क लाउहीड व याकोव्ह रेख्टर यांनी जेवणाच्या टेबलावर कागदी रुमालांवर एका नव्या प्रोटोकॉलचा आराखडा काढला. त्याच वर्षी जूनमध्ये तो ‘बॉर्डर गेटवे प्रोटोकॉल’ म्हणजेच ‘बीजीपी’ या नावाने प्रसिद्ध झाला. तात्पुरती सोय म्हणून योजलेला हा प्रोटोकॉल आज जगातील सर्व स्वायत्त प्रणालींना जोडतो.

बीजीपीमध्ये मार्गाच्या जाहिरातीसोबत तो मार्ग ज्या स्वायत्त प्रणालींतून आला त्यांच्या क्रमांकांची यादी असते. आपलाच क्रमांक यादीत दिसला तर राऊटर तो मार्ग नाकारतो. संभाजीनगर-जालना उदाहरणातील येरझारा अशा रीतीने टळतात. शिवाय ही यादी व इतर गुणधर्म पाहून प्रत्येक संस्था आपल्या धोरणानुसार मार्ग पसंत करू शकते. १९९३ मध्ये पत्त्यांची जुनी ठोकळ वर्गवारी सोडून लहानमोठ्या गटांत पत्ते वाटण्याची पद्धती आली आणि पुढील दोन वर्षांत बीजीपीची चौथी आवृत्ती त्यानुसार प्रसिद्ध झाली. त्यामुळे अनेक पत्त्यांचा एकच मार्ग जाहीर करता येऊ लागला. तरीही जगाचे मार्गकोष्टक वाढतच गेले. १२ ऑगस्ट २०१४ रोजी त्यातील नोंदी ५,१२,००० च्या पुढे गेल्या. तेवढीच क्षमता ठेवलेले काही जुने राऊटर त्या दिवशी अडखळले व अनेक ठिकाणी सेवा मंदावली. चौथ्या आवृत्तीच्या पत्त्यांच्या नोंदी आता ९ लाखांहून अधिक आहेत.

भारतातील विकास : भारतात या विषयाचा पाया मुंबईत घातला गेला. १९८५ मध्ये स्थापन झालेले राष्ट्रीय सॉफ्टवेअर तंत्रविद्या केंद्र (एनसीएसटी) हे केंद्र शासनाच्या इलेक्ट्रॉनिकी विभागाने १९८६ मध्ये हाती घेतलेल्या ‘अर्नेट’ या शैक्षणिक व संशोधन जालाचे एक प्रमुख घटक होते. संयुक्त राष्ट्र विकास कार्यक्रमाचे साहाय्य लाभलेल्या या प्रकल्पात पाच भारतीय तंत्रविज्ञान संस्था व बंगलोर येथील भारतीय विज्ञान संस्था यांचाही सहभाग होता. केंद्राचे संचालक श्रीनिवासन रमणी यांचे या कार्यातील योगदान लक्षात घेऊन २०१४ मध्ये त्यांचा इंटरनेटच्या सन्मान-दालनात समावेश करण्यात आला.

आरंभी एनसीएसटी व पवई येथील भारतीय तंत्रविज्ञान संस्था यांच्यामध्ये साध्या दूरध्वनी तारेवरून ई-पत्रे जात. त्या काळी वापरात असलेल्या यूयूसीपी पद्धतीत मार्ग शोधण्याचे काम यंत्राकडे नव्हते. पत्र कोणत्या संगणकाकडून कोणत्या संगणकाकडे द्यावयाचे ती सर्व नावे उद्‌गारचिन्हांनी जोडून प्रेषकालाच पत्त्यात लिहावी लागत. म्हणजे मार्गनिर्धारणाचे ज्ञान पत्र लिहिणाऱ्यास असणे आवश्यक होते. १९८९ च्या सुमारास एनसीएसटीहून अमेरिकेतील यूयूनेटशी दर सेकंदास ९.६ किलोबिट क्षमतेची जोडणी झाली. एवढ्या अरुंद वाटेवरून देशातील शैक्षणिक संस्थांची बाहेरची वाहतूक चालत असल्याने कोणती माहिती देशांतर्गत फिरवावयाची व कोणती परदेशी पाठवावयाची याचा काटेकोर विचार करणारे अभियंते या प्रकल्पातून तयार झाले. एनसीएसटी पुढे सी-डॅक या संस्थेत विलीन झाली.

सामान्य नागरिकांसाठी इंटरनेटसेवा विदेश संचार निगम लिमिटेडने १५ ऑगस्ट १९९५ रोजी सुरू केली. ज्या शहरात सेवाकेंद्र नव्हते, तेथील ग्राहकास सेवाकेंद्र असलेल्या शहराशी दूर पल्ल्याचा दूरध्वनी जोडावा लागे. १९९८ मध्ये खाजगी सेवादात्यांना परवानगी मिळाल्यावर सेवेचा विस्तार झाला. पण त्यातून मार्गनिर्धारणाचा एक नवा प्रश्न उभा राहिला. बहुतेक सेवादात्यांनी परदेशी जालांशी जोडण्या घेतल्या होत्या, परंतु एकमेकांशी घेतल्या नव्हत्या. अशा स्थितीत एका सेवादात्याच्या संभाजीनगरमधील ग्राहकाने दुसऱ्याच्या पुण्यातील ग्राहकास पाठविलेले पॅकेट मुंबईहून समुद्रतळाच्या तारेने अमेरिकेत जाऊन पुन्हा भारतात येऊ शकत असे. पुणे रस्त्याने सुमारे २३५ किमी. दूर आहे, या फेऱ्यात पॅकेटचा एका बाजूचा प्रवास २५,००० किमी.च्या आसपास भरे. काचतंतूतून प्रकाश दर सेकंदास सुमारे २ लक्ष किमी. जातो. म्हणजे प्रश्न व उत्तर यांच्या फेरीस केवळ प्रवासासाठीच सुमारे पाव सेकंद लागे आणि महागड्या आंतरराष्ट्रीय क्षमतेचा खर्च दोनदा होई. प्रोटोकॉलच्या दृष्टीने यात काहीही चूक नव्हती. राऊटरांना जे मार्ग सांगितले गेले त्यांतील उत्तम मार्ग त्यांनी निवडला होता. जवळचा मार्ग त्यांना कोणी सांगितलाच नव्हता.

हा प्रश्न सोडविण्यासाठी जून २००३ मध्ये ‘राष्ट्रीय इंटरनेट एक्स्चेंज’ (निक्सी) ही संस्था स्थापन झाली. सेवादात्यांनी एका ठिकाणी येऊन देशांतर्गत वाहतूक परस्परांना द्यावी हा तिचा उद्देश. नोएडानंतर मुंबई व इतर शहरांत तिची केंद्रे निघाली. अर्थात केंद्र उभारल्याने वाहतूक आपोआप वळत नाही. सभासद आपले जेवढे मार्ग बीजीपीद्वारे तेथे जाहीर करतो, तेवढ्यांपुरतीच देवघेव होते. यामुळे मार्ग जाहीर करणे हा तांत्रिक त्याचबरोबर सार्वजनिक धोरणाचाही विषय बनला. २०१२ पासून पत्ते व स्वायत्त प्रणालींचे क्रमांक देण्याचे काम निक्सीच्या अखत्यारीतील ‘इरिन’ ही राष्ट्रीय नोंदणी संस्था करीत आहे.

विश्वासभंग व उपाय : २५ एप्रिल १९९७ रोजी अमेरिकेतील ७००७ क्रमांकाच्या स्वायत्त प्रणालीतून हजारो चुकीचे मार्ग जाहीर झाले आणि इंटरनेटचा मोठा भाग काही काळ विस्कळित झाला. २००८ साली तीस दिवसांच्या आत दोन बोधप्रद घटना घडल्या. ३० जानेवारीस ईजिप्तमधील अलेक्झांड्रियाजवळ समुद्रतळाच्या दोन तारा तुटल्या. मुंबईत उतरणाऱ्या या तारांवरील वाहतूक खंडित होताच अनेक सेवादात्यांच्या राऊटरांनी ती पूर्वेकडील वाटांवर वळविली. सेवा मंदावली तरी सर्वथा थांबली नाही. मार्गनिर्धारणाचे सामर्थ्य यात दिसून आले. २४ फेब्रुवारीस त्याची दुसरी बाजू दिसली. पाकिस्तानात ‘यूट्यूब’ बंद करण्याच्या आदेशानुसार तेथील दूरसंचार कंपनीने देशापुरता एक खोटा मार्ग घातला. तो हाँगकाँगमधील मोठ्या सेवादात्यामार्फत जगभर पसरला. खरा मार्ग १,०२४ पत्त्यांच्या गटाचा होता, तर खोटा मार्ग त्यातीलच २५६ पत्त्यांच्या गटाचा. अधिक अंकांपर्यंत जुळणाऱ्या नोंदीस प्राधान्य देण्याच्या मूळ नियमामुळे जगातील राऊटरांनी खोटा मार्ग स्वीकारला व ते संकेतस्थळ सुमारे दोन तास अप्राप्य झाले. ४ ऑक्टोबर २०२१ रोजी फेसबुक कंपनीच्या जालातील देखभालीच्या वेळी झालेल्या चुकीमुळे तिचे आवश्यक मार्ग बीजीपीतून मागे घेतले गेले आणि तिच्या सर्व सेवा सुमारे सहा तास बंद राहिल्या.

या अपप्रकारांवर उपाय म्हणून पत्त्यांचा कोणता गट कोणत्या स्वायत्त प्रणालीने जाहीर करावा याचा सांकेतिक सहीने प्रमाणित दाखला देण्याची ‘आरपीकेआय’ ही पद्धती २०१२ मध्ये प्रमाणित झाली. मे २०२४ मध्ये जागतिक कोष्टकातील चौथ्या आवृत्तीच्या निम्म्या मार्गांना असे दाखले लाभले. मात्र हा दाखला मार्गाच्या उगमापुरता असतो. मधल्या वाटेवरील प्रत्येक टप्पा खरा आहे याची हमी त्यातून मिळत नाही. शेजाऱ्याकडून येणारे मार्ग गाळून घेण्याचे काम अद्यापि प्रत्येक संस्थेच्या अभियंत्यालाच करावे लागते.

अध्ययन : मार्गनिर्धारणाचे मूळ ग्रंथ म्हणजे १९६९ पासून प्रसिद्ध होत असलेली ‘आरएफसी’ ही क्रमांकित टिपणे होत. ती सर्वांना विनामूल्य उपलब्ध आहेत. १९९० पर्यंत या विषयाचे शिक्षण मुख्यतः ही टिपणे वाचून व प्रत्यक्ष जालावर काम करूनच मिळे. त्यानंतर पर्लमन यांचा १९९२ चा ग्रंथ, बसाम हलाबी यांचा बीजीपीवरील १९९७ चा ग्रंथ व जेफ डॉयल यांचा १९९८ चा ग्रंथ यांनी या विद्येला पाठ्यरूप दिले. सिस्को कंपनीने १९९३ मध्ये सुरू केलेली ‘सीसीआयई’ ही परीक्षा विशेष उल्लेखनीय आहे. आरंभी ती दोन दिवसांची असे. उमेदवाराने जाल उभारल्यावर परीक्षक त्यात मुद्दाम दोष घालीत व ते शोधून काढण्यास सांगत. २००१ मध्ये ती एका दिवसावर आणण्यात आली. प्रोटोकॉल चालू असताना पाहून जेवढे कळते, त्याहून तो मोडलेला पाहून अधिक कळते, हे तत्त्व या परीक्षेने रूढ केले.

प्रत्यक्ष राऊटर महाग असल्याने मोठ्या शहरांबाहेरील विद्यार्थ्यांस पूर्वी केवळ पुस्तकी ज्ञानावर समाधान मानावे लागे. १९९६ मध्ये जपानी अभियंता कुनिहिरो इशिगुरो यांनी सुरू केलेली ‘झेब्रा’ ही मुक्त प्रणाली, तिच्यापासून निघालेल्या ‘क्वागा’ व ‘एफआरआर’ या प्रणाली आणि २००५ च्या सुमारास आलेले राऊटरची नक्कल करणारे ‘डायनॅमिप्स’ यांमुळे ही स्थिती पालटली. साध्या संगणकावर दहा-वीस राऊटरांचे जाल उभारून, त्यातील एखादी जोडणी तोडून, जाल पुन्हा स्थिरावण्यास किती वेळ लागतो हे आता कोणासही पाहता येते. अध्ययनाचा क्रम सामान्यतः पत्त्यांची विभागणी, अंतर-सदिश पद्धती, ओएसपीएफ व शेवटी बीजीपी असा असतो. बीजीपी शिकताना आज्ञा पाठ करण्यापेक्षा प्रत्येक मार्ग का स्वीकारला वा नाकारला गेला याचे कारण सांगता येणे महत्त्वाचे मानले जाते.

छत्रपती संभाजीनगर : मराठवाड्यातील तांत्रिक शिक्षणाचे हे प्रमुख केंद्र आहे. येथील शासकीय अभियांत्रिकी महाविद्यालय १९६० मध्ये सुरू झाले. डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठाच्या परिसरातील इलेक्ट्रॉनिकी अभिकल्प व तंत्रविद्या केंद्र पुढे डोएक संस्थेत समाविष्ट झाले व २०११ पासून राष्ट्रीय इलेक्ट्रॉनिकी व माहिती तंत्रज्ञान संस्था (नायलिट) या नावाने ओळखले जाते. चिकलठाणा, वाळूज व शेंद्रा येथील उद्योगांमुळे या विद्येला स्थानिक गरजही आहे. शेंद्रा व बिडकीन येथील ‘ऑरिक’ या औद्योगिक नगरीच्या आखणीतच माहितीवहनाच्या सोयींचा अंतर्भाव करण्यात आला आहे.

समुद्रतळाच्या तारा उतरणारी मुंबई येथून रस्त्याने सुमारे ३३५ किमी. अंतरावर आहे. अशा अंतर्गत भागातील शहरास मार्गनिर्धारणाचे ज्ञान किनाऱ्यावरील शहराइतकेच, किंबहुना अधिक लागते. ज्या कारखान्याचे वा रुग्णालयाचे काम जालावाचून अडते, ते दोन सेवादात्यांकडून जोडण्या घेते, स्वतःचा स्वायत्त प्रणाली क्रमांक मिळविते व बीजीपीने दोहोंकडे आपले पत्ते जाहीर करते. कोष्टकात अशा वेळी दोन स्वतंत्र मार्ग दिसतात. परंतु दोन्ही सेवादात्यांचे काचतंतू रस्त्याकडेच्या एकाच चरातून गेलेले असतील, तर रस्तारुंदीच्या एका खोदकामात दोन्ही तुटतात. प्रोटोकॉलला तार कोठून जाते हे कळत नाही. त्याला केवळ शेजारी दिसतो. म्हणून जोडणी घेण्यापूर्वी तंतूंची प्रत्यक्ष वाट विचारून घेणे हे राऊटरला दिलेल्या कोणत्याही आज्ञेइतकेच या विद्येचे अंग आहे, आणि ती वाट त्या गावात राहणाऱ्या अभियंत्यालाच चांगली ठाऊक असते. नहरीच्या काळी पाण्याची वाट जाणणारा कारागीर शहराला लागत असे. जाल स्वतः वाट शोधू लागले, तरी अशा जाणकाराची गरज संपलेली नाही.